रॉकेलच्या डब्यातली उधाणी

जाईबाईच्या हट्टाला अख्खी चाळ वचकून असे. परळच्या त्या चाळीत दुसऱ्या मजल्यावर, सामाईक नळाच्या बाजूला, गॅलरीच्या कठड्याला तारेने करकचून बांधलेला एक रॉकेलचा डबा होता आणि त्यात कमरेएवढं एक झुडूप. नळावर भांडण कशावरूनही जुंपो, कुणाचा हंडा त्या डब्याला घासला की भांडणाला वेगळंच तोंड फुटे. जाईबाई गिरणीत वाइंडिंग खात्यात कामाला. दिवसभर यंत्रांच्या खडखडाटावर ओरडून बोलायची सवय, त्यामुळे तिचा आवाज खाली रस्त्यावरच्या पानवाल्यालाही ऐकू जाई. समोरची बाई मुकाट्याने हंडा दुसऱ्या कडेवर घेई.

बरं, झाड तरी कसलं? ना तुळस, ना मोगरा. जाडजाड पानं आणि वाकडं खोड. वर्षानुवर्षं त्याला एक कळी म्हणून आली नव्हती. नवरा रामजी चिडवायचा, "लग्नात दोन गोष्टी घरात आल्या, एक ही आणि एक हे झाड. ही निदान कधीमधी हसते तरी."

त्या झुडपाचं नाव उधाणी. मालवणच्या खालच्या अंगाला समुद्रात कुर्लीबेट आहे, तिथे माउलीच्या देवळापुढे ते वाढायचं. दुसरीकडे कुठेच नाही. वैशाखातल्या पुनवेचं उधाण भरलं की त्याला हळदीच्या रंगाची, पोटात लालभडक अशी फुलं येत. ती देवीची. जत्रेच्या दिवशी गुरवाने तोडायची, देवीला वाहायची, उरलेली मानकऱ्यांच्या बायकांनी माळायची. आणि झाडाला दरवर्षी काट्यांचं कुंपण घालायचं काम मात्र महारवाड्याचं. करवंदीची जाळी तोडायची, डोक्यावरून वाहून आणायची, रक्ताळल्या हातांनी रचायची आणि कुंपण झालं की मागे सरायचं. आतल्या झाडाला बोट लावायचं नाही. बकरीने पान ओरबाडलं तरी शिव्या कुंपणवाल्यांनाच.

जाईबाई लहान असताना एकदा वाऱ्याने एक फूल कुंपणाबाहेर पडलं. तिच्या आईने ते उचललं आणि लेकीच्या वेणीत खोवलं. एवढाच काय तो गुन्हा. पोर नाचत नाचत विहिरीपर्यंत गेली आणि तिथूनच तिला धरून नेलं. देवळासमोर, सगळ्या गावादेखत, तिचं डोकं भादरलं. फूल समुद्रात भिरकावलं. आई उन्हात हात जोडून उभी होती. पुढे लग्न होऊन जाईबाई मुंबईला निघाली, तेव्हा आईने तिच्या गाठोड्यात ओल्या फडक्यात गुंडाळलेली एक फांदी कोंबली. कुंपण घालता घालता तिने ती कधी मोडून घेतली, हे बापालाही ठाऊक नव्हतं.

"थंय तुका कोण इचारूचो नाय," आई म्हणाली. "फुललां की माळ."

केस केव्हाच पुन्हा वाढले होते. राग मात्र जसाच्या तसा राहिला, आणि का राहू नये? फांदीने डब्यात जीव धरला, पण फुलायचं नाव घेईना. आई वाट बघत बघत गेली. मग छप्पन्न सालच्या डिसेंबरात बाबासाहेब गेले. जाईबाई रडत रडत दादरच्या चौपाटीवर गेली आणि त्या लोटलेल्या माणसांच्या समुद्रात तिथेच तिने दीक्षा घेतली. येताना पदराच्या गाठीत तिथली रेती बांधून आणली. घरातले देव तर काढले होते, मग ही रेती ठेवायची कुठे? तिने ती डब्यात टाकली. पुढे दर सहा डिसेंबरला ती तसंच करू लागली.

आणि झाडाची कळा पालटली. बेटावरचं झाड ते, त्याला समुद्र हवा होता, आणि आपण त्याला इतकी वर्षं नळाचं गोडं पाणी पाजत बसलो, हे तेव्हा कुठे तिच्या डोक्यात शिरलं. एकोणसाठच्या उन्हाळ्यात शेंड्याशेंड्याला कळ्या धरल्या. त्याच वैशाखी पुनवेला, बुद्धजयंतीला, तिच्या कौसल्येचं लग्न ठरलं होतं. जाईबाईने मनाशी पक्कं केलं. ही फुलं लेकीच्या केसात जाणार, मग जग इकडचं तिकडे होवो.

अशात एका रविवारी अप्पा आले. अप्पा गिरगावच्या फणसवाडीत राहणारे, फोर्टातल्या एका कचेरीत कारकून आणि कुर्लीबेटाच्या मुंबईतल्या मंडळाचे चिटणीस. त्यांची आणि जाईबाईची ओळख संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतली. छप्पन्नच्या जानेवारीत परळ-लालबागला अश्रुधूर सुटला, तेव्हा पत्रकं वाटायला आलेला हा गिरगावकर डोळे चोळत तिच्या चाळीच्या जिन्यात येऊन बसला होता. तिने त्यांचे डोळे धुतले, पाण्याचा तांब्या हातात दिला. बोलता बोलता दोघं एकाच बेटावरची निघाली. जाईबाईने मुद्दाम बापाचं नाव सांगितलं. अप्पांना वाडा कळला. त्यांनी रिकामा तांब्या पुढे केला आणि म्हणाले, "अजून थोडं द्या." हे ती विसरली नव्हती. त्यानंतर किती मोर्चांत दोघं एकत्र चालली असतील. "मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे" ही घोषणा अप्पांच्या किरट्या आवाजात सुरू व्हायची आणि जाईबाईच्या गळ्यातून रस्त्यापलीकडे जायची.

त्या रविवारी अप्पांबरोबर बेटावरचा एक मानकरी होता. अप्पा दारात आले, मानकरी गॅलरीतच अंग चोरून उभा राहिला. त्याच्या हातात एक नवी करंडी आणि एक बाटली होती.

"जाईबाई, गावाची विनंती आहे," अप्पा म्हणाले. "हे झाड न्यायला आलोय. बेटावरचं झाड गेलं."

"गेलं म्हणजे?"

"बकऱ्यांनी खाल्लं."

झालं होतं ते असं. दीक्षा घेतल्यावर बेटावरच्या वाडीने कुंपण घालणं सोडलं. गावाने एक वर्ष वाट पाहिली, दुसरं वर्ष पाहिली. माउलीचं झाड सगळ्यांना जीव की प्राण, पण कुंपण घालायचं म्हणजे महाराचं काम करायचं, ते कोण करणार? सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघत बसले आणि बकऱ्यांनी झाड मुळापर्यंत फस्त केलं. मग जाईबाईचा भाऊ धोंडू बेटावर फुशारकीने बोलून गेला की बहिणीकडे मुंबईत उधाणीला कळ्या धरल्यात.

"जत्रा पुनवेला आहे," अप्पा म्हणाले. "त्याआधी झाड देवळापुढे लागायला हवं."

"पुनवेला माझ्या लेकीचं लगीन आहे. ती फुलं तिची."

"लुगडं-चोळी देऊ पोरीला," मानकरी तिच्याकडे न बघता म्हणाला आणि पुढे होऊन त्याने झाडावर बाटली तिरकी केली. जाईबाईने झटकन आडवा हात घातला.

"काय आहे त्यात?"

अप्पा स्वतःच्या चपलांकडे बघू लागले. "गोमूत्र. म्हणजे, नेण्याआधी शुद्ध करायची रीत आहे ना गावाची. तू मनाला लावून घेऊ नकोस."

मोर्चात तिला 'तुम्ही' म्हणणारे अप्पा मानकऱ्यादेखत 'तू'वर आले. जाईबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण त्या दिवशी तिचा आवाज पहिल्यांदाच खाली आला, आणि तो खाली आलेला ऐकून नळावरच्या बायांनी नळ बंद केला.

"अप्पा, अश्रुधुराच्या दिवशी माझ्या तांब्यातलं पाणी प्यालात. घरी जाऊन पोटात गोमूत्र ओतलंत?"

"नाही हो, असं काय बोलता."

"मग ह्या झाडाने काय घोडं मारलंय तुमचं?"

"झाड गावाचं आहे," मानकरी फणकारला. "चोरून आणलेलं."

"चोरलं माझ्या आईने. आणि तिने चोरलं म्हणून आज शिल्लक आहे. राखायला तुमच्याकडेच होतं ना? तुम्ही ते बकऱ्यांना चारलंत."

आतून कौसल्या बाहेर आली. पोरीचा जीव लग्नात गुंतलेला, तिला तमाशा नको होता. "आई, देऊन टाक ना. केसात काय, अबोली माळीन."

"तुला अबोली चालेल," जाईबाई म्हणाली, "मला नाही चालायची." मग ती अप्पांकडे वळली. "हे झाड मिळायचं नाही. पण झाडाचा वंश बुडावा असं मला वाटत नाही. एक फांदी देईन. धोंडू ती नेऊन आमच्या वाडीत, विहिरीपाशी लावील. कुंपण आम्हीच घालू, आमच्या झाडाला. फुलली की ज्याला देवीसाठी फूल हवं त्याने वाडीत यावं, मागावं आणि आमच्या बाईच्या हातून घ्यावं. बाटली घरी ठेवून."

"गाव हे ऐकायचं नाही," अप्पा पुटपुटले.

"मग गावाने तसं देवीला सांगावं."

मानकरी पाय आपटत जिना उतरला. अप्पा घुटमळले, काहीतरी बोलायचं होतं त्यांना, पण "येतो" एवढंच म्हणून तेही गेले. रामजी इतका वेळ दाराआड उभा होता. त्याने बाहेर येऊन डब्याची तार ओढून बघितली आणि आणखी एक वेढा घातला.

पुनवेच्या सकाळी उधाणी फुलली. सगळी चाळ गॅलरीत लोटली. पांढऱ्या साडीतल्या कौसल्येच्या वेणीत जाईबाई एकेक फूल खोवत होती. शेवटचं फूल उरलं, ते रामजीने घेतलं आणि बायकोच्या पिकत चाललेल्या अंबाड्यात खोचलं. तेव्हा मात्र ती बाई सगळ्यांसमोर ढसाढसा रडली. आईने हे बघायला हवं होतं, एवढंच ती म्हणत राहिली.

लग्नाला अप्पा आले होते, एकटेच. पंगतीत सगळ्यांबरोबर बसले. जाईबाई वाढायला आली तेव्हा खाली मान घालून म्हणाले, "त्या दिवशी तुम्हाला 'तू' म्हणालो. चुकलं माझं."

"चुकलं खरं," जाईबाई म्हणाली आणि त्यांच्या पानात भात वाढून पुढे गेली.

फांदी धोंडूबरोबर बोटीने बेटावर गेली. त्या वर्षी माउलीची जत्रा उधाणीविना झाली. मानकऱ्यांनी नाक वर ठेवलं, पण घरच्या बायकांना देवीचं ते उघडं कपाळ बघवेना. इकडे फांदीला तिची माती आणि तिचा खारा वारा मिळाला, तिने एका वर्षात कळ्या धरल्या. साठ सालचा मे उजाडला. संयुक्त महाराष्ट्र झाला, मुंबईसह झाला, आणि परळमधली तोरणं अजून उतरली नव्हती, तोच बोटीने आलेल्या माणसाकडून धोंडूचा निरोप आला. गाव नमलं. पुनवेला गुरव वाडीत फूल मागायला येतोय. फूल देणार धोंडूची बायको लक्ष्मी, आणि ती विचारतेय, द्यायचं कसं? इतकी वर्षं ते आपल्याला मीठ-तांदूळ द्यायचे, तसं वरून टाकू काय?

जाईबाईला ते टाकणं आठवलं. पदर पसरायचा, वरून पडेल ते झेलायचं, चुकून बोट लागलं तर शिव्या खायच्या. टाकावं वरून, असं तिला अगदी मनापासून वाटलं. तिने उधाणीच्या डब्यात एक तांब्या पाणी ओतलं आणि मग त्या माणसाला म्हणाली,

"वरून टाकू नको म्हणावं. हातावर ठेव. आणि आपल्या हाताने त्याची बोटं मिटून दे. सगळ्या गावादेखत."

लक्ष्मीने तसंच केलं. आणि करताना तिच्या वेणीत उधाणीचं फूल होतं.