उंबऱ्याबाहेर गेलेली कॅसेट

माझा दोस्त गजू गेल्याचा फोन नागपूरला ऑफिसात आला. कावीळ... आठ दिवसांत सगळं आटोपलं. मी नुसतं हो-हो म्हणत राहिलो आणि मनात सगळ्यात आधी आली ती कॅसेट. लाज वाटते, पण आली.

भिलाईत सेक्टर दोनला त्याचं क्वार्टर. माझे बाबा जामुलच्या सिमेंट कारखान्यात पोती उचलायचे. घरात कॉलेजला गेलेला मी पहिला, आणि त्याचा ताठा मला होता, अजूनही आहे. गजू आयटीआय करून तिथल्याच पोलाद प्लांटच्या रोलिंग मिलमध्ये लागला. हेवी मेटलचं वेड मात्र दोघांनाही सारखंच. दुकानात मिळणारी कॅसेट कोणीही घेईल. आम्हाला हवं असायचं ते कधीच बाजारात न आलेलं. प्लांटमधल्या एका रशियन इंजिनिअरच्या मुलानं परत जाताना गजूला तसली एक दिली होती. एका बँडची तालीम. मध्येच ड्रमवाला खोकतो, कोणीतरी हसतं. तेवढं खोकणं ऐकायला पोरं हथखोजहून सायकल मारत यायची. कॉपी करायची ती गजूच्या घरी, त्याच्यासमोर. अस्सल कॅसेट उंबऱ्याबाहेर जायची नाही.

फक्त मला त्याने ती एका रविवारपुरती नेऊ दिली. मला नागपूरला नोकरी लागली होती, तिथल्या शिकलेल्या पोरांत भाव खायचा होता. त्याच कंपनीची कोरी कॅसेट आणून मी कॉपी केली आणि गजूच्या डबीत ती कॉपी घालून परत दिली. अस्सल माझ्याकडे राहिली.

दिवाळीला गेलो तेव्हा तो कॅसेट लावून म्हणाला, "झांज बारीक येऊन राहिली बे. मिलनं कान खाल्ले माये. तुले कशी येते?"

"मले तर साफ येते," मी म्हणालो.

पुढे त्याने डेक मेहुण्याला देऊन टाकला. म्हणाला, बहिऱ्याले काय करायचा? मी हसलो होतो...

गजू गेल्यावर तीन आठवड्यांनी त्याच्या घरी भेटायला गेलो, तर वहिनीनं तीच डबी हातात ठेवली. "ऐकत नव्हते भाऊजी, पण टेप चिकटू नये म्हणून दर महिन्याले पेनानं फिरवून ठेवत. म्हणत, त्याचे कान चांगले आहेत, त्याले दे."

घरी येऊन ट्रंकेतली अस्सल काढली. त्या दिवाळीनंतर ती लावायची हिंमतच झाली नव्हती. टेपवर पांढरी बुरशी. मग त्याची लावली. खरखर, खोकणं, हसणं... आणि झांज बारीक. गजूचे कान शेवटपर्यंत चांगले होते.