सैतानाचा चेहरा

नव्वदच्या दशकात आम्ही वसईला राहायला आलो, तेव्हा रविवारी सकाळी मी सांडोरच्या केळीच्या वाड्यांतून फिरायला जायचो. तिथल्या एका लहानशा चॅपेलमध्ये एक म्हातारा पेंटर भिंतीवरचं जुनं चित्र दुरुस्त करताना दिसला. चित्रात देवदूत भाला घेऊन उभा होता आणि त्याच्या पायाखाली सैतान पडला होता. सैतानाची शिंगं, शेपटी नेहमीसारखीच होती, चेहरा मात्र बाजारात कुठेही भेटेल अशा माणसाचा होता. जाड मिशी, गालावर मस, वटारलेले डोळे.

"हा कोणी ओळखीचा आहे का?" मी हसत विचारलं.

तो हसला नाही. ब्रश फडक्याला पुसत राहिला.

"माझा धाकटा भाऊ. बांधावरून भांडलो होतो, त्या रागात मीच इथे काढला. सगळा गाव हसला. पोरं त्याला सैतान बोलायला लागली. मग तो चर्चमध्ये मिस्साला यायचाच बंद झाला. गेल्या पावसाळ्यात वारला."

चॅपेलच्या सणाआधी हा चेहरा बदलतो, असं म्हाताऱ्यानेच फादरना सांगितलं होतं. माझ्यासमोर त्याने मस पुसली, मिशी पुसली. डोळ्यांपाशी आल्यावर मात्र त्याचा हात थांबला.

"घरात त्याचा एक पन फोटो नाय," तो म्हणाला. "हाच काय तो."

मग त्याने बारीक ब्रश घेतला आणि त्या वटारलेल्या डोळ्यांवर हलक्या हाताने मिटलेल्या पापण्या रंगवल्या.