तोनगावकरांचा चेहरा

मे महिन्यात मी नागपूरला निघाले, तेव्हा नाशिकच्या आमच्या सोसायटीतली माणसं मला आजाऱ्याला भेटावं तशी येऊन भेटून गेली. एकीनं पर्समध्ये ठेवायला कांदा दिला. दुसऱ्यांनी कांद्यानं काही होत नाही, मीठ-साखरेचं पाणी पीत राहा, असं बजावलं. तळमजल्यावरचे आजोबा तरुणपणी नोकरीनिमित्त नागपुरात होते. ते फक्त "जाऊन ये" म्हणाले आणि माझ्याकडे बराच वेळ पाहत राहिले.

मी जपानी भाषेची दुभाषी आहे. कारखान्यांमध्ये काम करते. बेअरिंग, तेलगळती आणि हेल्मेट न घालणारे कामगार या विषयांवर मी कोणत्याही जपानी माणसाशी तासभर बोलू शकते. सिनेमातल्या माणसाशी बोलायची वेळ मात्र पहिल्यांदाच आली होती. गजूभाऊ खापेकर नावाच्या निर्मात्यांनी नागपूरहून फोन केला होता. "मॅडम, जपानचा सुपरस्टार आणून राहिलो आपल्या पिक्चरमधी. त्याले मराठी येत नाही, आमाले जपानी येत नाही. तुम्ही मधात पाहिजे." मधात म्हणजे मध्ये. पुढचा सगळा मुक्काम मी अगदी शब्दशः मधात होते.

विमानतळाबाहेर पहिलं दर्शन झालं ते फ्लेक्सचं. त्यावर गजूभाऊ पांढऱ्या सफारीत हात जोडून उभे होते, त्यांच्या भोवती त्यांचे मित्र वर्तुळावर्तुळात डोकी काढून होते, आणि कोपऱ्यात तीन शिंगांचा, हिरव्या खवल्यांचा एक राक्षस जबडा वासून बसला होता. खाली लिहिलं होतं, 'जपानचे महानायक यांचे संत्रानगरीत सहर्ष स्वागत'.

"हे काय?" मी गजूभाऊंना विचारलं.

"साहेबांचा फोटो. इंटरनेटवर हाच भेटला," ते म्हणाले. "मेकअपमधी असतील."

तेवढ्यात साहेब बाहेर आले. साठी उलटलेले, किरकोळ अंगाचे, डोक्यावर कापडी टोपी, हातात एकच बॅग. फ्लेक्स बघून त्यांनी त्या राक्षसाला किंचित वाकून नमस्कार केला, जुन्या सहकाऱ्याला करावा तसा. नाव तोनेगावा. मी 'तोनेगावा-सान' म्हणून ओळख करून दिली आणि सान म्हणजे आपल्याकडचं 'राव', असंही सांगितलं. गजूभाऊंनी हार घालता घालता नाव दोनदा घोळवलं आणि तिसऱ्यांदा ते तोनगावकर झाले. संध्याकाळपर्यंत कोणीतरी त्यांचे पूर्वज भंडाऱ्याकडचे असावेत का, हेही विचारलं.

गाडीचं दार उघडलं तशी आतून भट्टीसारखी झळ आली. गजूभाऊंनी घाईघाईनं एसी वाढवला. तोनेगावा-सान म्हणाले, "माझ्यासाठी नको. मला बरं वाटतंय." मी भाषांतर केलं. गजूभाऊंचा माझ्या जपानीवरचा विश्वास तिथेच थोडा कमी झाला.

त्या गाडीत आणि पुढे अनेक गाड्यांमध्ये त्यांनी मला आपली कारकीर्द तुकड्यातुकड्यांनी सांगितली. समुद्रकाठच्या गावात त्यांच्या घरी मासळीच्या वड्या करून विकायचा धंदा होता. ते नट व्हायला टोकियोला पळाले. नाटक मंडळीत झाडू मारला, मग एका दिग्दर्शकानं त्यांना निरखून पाहिलं आणि म्हणाला, "तुझा चेहरा पाठ फिरवली की विसरायला होतो. पण चाल चांगली आहे." त्या चालीमुळे ते टीव्हीवर आले. मुलांच्या एका मालिकेत दर रविवारी सकाळी शहरावर राक्षस चालून यायचा आणि नायक त्याला मारायचा. दर आठवड्याला राक्षस नवा, आतला माणूस तोच. रबराचा जड पोशाख, वर स्टुडिओचे दिवे, पाणी प्यायला नळी. आवाजसुद्धा त्यांचा नसायचा. डरकाळ्या दुसरा एक गृहस्थ थंडगार खोलीत बसून फोडायचा. मग सिनेमे मिळाले. त्यात त्यांनी बंदरं बुडवली, पूल मोडले, पुठ्ठ्याचं टोकियो कितीदा तरी तुडवलं. गुडघे गेल्यावर राक्षसांची कामं थांबली. तेव्हापासून टीव्ही मालिकांमध्ये ते पाठमोरे ग्राहक आणि छत्रीखालचे वाटसरू करत होते.

"मग इथे कसे आलात?" मी विचारलं.

"कथेत संवाद आहे," ते म्हणाले. "आणि माझा चेहरा आहे. आई वृद्धाश्रमात असते. नव्वदी ओलांडली तिनं. मुलगा नट आहे म्हणून ती सगळ्यांना सांगते, पण दाखवायला तिच्याकडे काही नाही. या वेळी मी तिला सांगून आलोय."

दिग्दर्शक प्रफुल्ल हा गंभीर चेहऱ्याचा, सतत चष्मा पुसणारा तरुण होता. कथा त्याचीच होती. वडिलांच्या जुन्या मित्राचं घर शोधत एक जपानी म्हातारा नागपूरला येतो, एवढीच. गजूभाऊंना ती आवडली होती, कारण शूटिंग मनीषनगरजवळच्या त्यांच्या स्वतःच्या लॉनवर होणार होतं. लॉन म्हणजे लग्नासाठी भाड्यानं द्यायची मोकळी जागा. पण शूटिंगच्या आधी सत्कार होते.

नागपूरकर पाहुण्याला आधी खाऊ घालतो आणि मग सत्कारतो, किंवा उलटही करतो. दोन्हीतून सुटका नाही. पहिल्या सकाळी तर्री पोहे (पोह्यांवर हरभऱ्याचा लालभडक रस्सा), दुपारी पाटोडी (झणझणीत रश्शातल्या बेसनाच्या वड्या), रात्री सावजी मटण. सावजीच्या पहिल्या घासाला माझ्या कानातून आवाज यायला लागला. तोनेगावा-सान शांतपणे जेवले आणि म्हणाले, "रबराच्या गोंदाचा वास डोळ्यांना याहून जास्त झोंबतो." हे वाक्य मी यजमानांना सांगितलं नाही.

धरमपेठेत एका सभागृहात त्यांना शाल, श्रीफळ आणि स्मृतिचिन्ह मिळालं. वक्त्यांनी भारत-जपान संबंध, बुलेट ट्रेन आणि जपानी माणसाची शिस्त यांवर भाषणं केली. कार्यक्रम फार उशिरा सुरू झाला होता. एका गृहस्थांनी उभं राहून विचारलं, "साहेबांचा कोणता पिक्चर पाहावा?" तोनेगावा-साननी विचार करून सांगितलं, "ज्यात शहर पडतं, तो कोणताही." मी तसंच भाषांतर केलं आणि सभागृहानं टाळ्या वाजवल्या. बहुतेकांना तो आध्यात्मिक विचार वाटला.

कामठीला एका यंत्रमागवाल्यांनी बोलावलं होतं. तिथे त्यांना मागावरून नुकताच उतरलेला सुती दुपट्टा मिळाला. मागांच्या खडखडाटात काय बोलणं झालं ते कोणालाच कळलं नाही, म्हणून तो सगळ्यात चांगला सत्कार झाला. बाहेर पडल्यावर एक बाई नातवाला घेऊन आल्या आणि साहेबांच्या पायाशी वाकल्या. त्यांना ते भन्ते (बौद्ध भिक्खू) वाटले होते.

"मी भिक्खू नाही," ते कळवळून मला म्हणाले. "सांगा त्यांना. मी ऑक्टोपस झालो होतो एकदा. बराच दुष्ट होता तो."

मी सांगितलं. बाईंनी क्षणभर विचार केला. "असू दे," त्या म्हणाल्या. "आता तर सुधारले ना? ठेवा हात पोराच्या डोक्यावर." त्यांनी ठेवला.

मुहूर्ताच्या दिवशी सकाळी आम्ही लॉनवर पोचलो. हिरवळीच्या टोकाला पक्कं बांधलेलं स्टेज होतं आणि त्यावर वधूवरांची दोन सोनेरी सिंहासनं. एका सिंहासनावर वाघ बसला होता. म्हणजे वाघाचा पोशाख, शेपटीसकट.

"सरप्राईज," गजूभाऊ म्हणाले. "मॅडम, थोडा चेंज केला आपण. साहेब आता वाघ आहेत."

प्रफुल्ल चष्मा पुसत दुसरीकडे बघत होता. त्याला आदल्या दिवशीच कळलं असावं.

"आणि तो घर शोधणारा म्हातारा?" मी विचारलं.

"तो काढला. माणसाची स्टोरी कोण पाहते? माणसं तर घरीच असतात सगळ्यांच्या. विदर्भात वाघ चालते. अन जनावराच्या कामात एवढा एक्सपर्ट माणूस आपल्याले दुसरा कुठं भेटन?"

हे मला जपानीत सांगायचं होतं. तेलगळती पंधरा प्रकारांनी सांगता येते. हे एकाही प्रकारानं सांगता येईना. शेवटी सरळ सांगितलं. तोनेगावा-सान वाघाजवळ गेले. मुखवटा हातात घेऊन त्यांनी आतून पाहिलं, बाहेरून पाहिलं, जबड्यातली बाहेर बघायची जाळी तपासली आणि जागेवर ठेवला.

"काम चांगलं आहे," ते म्हणाले. "हेही करीन. पण आधी चेहरा. मी आईला सांगून आलोय."

मी मराठीत सांगितलं. गजूभाऊ म्हणाले, "त्यांना सांगा, नंतर पाहू." ते मी जपानीत सांगितलं. नंतर पाहू म्हणजे काय हे त्यांना चांगलं कळलं. चित्रपटसृष्टी सगळीकडे सारखीच आहे. ते उरलेल्या सिंहासनावर बसले. पाठ ताठ, हात गुडघ्यांवर. वाद घातला नाही, आवाज चढवला नाही. नुसते बसले.

सगळ्यांना वाटलं, जेवायच्या वेळेपर्यंत उठतील. ते उठले नाहीत. ऊन स्टेजवर आलं, लाइटवाले झाडाखाली गेले, माझ्या पर्समधल्या कांद्याची भाजी व्हायची वेळ आली. ते तसेच. मध्येच एका लग्नघरचे लोक लॉन बघायला आले. त्यांनी वाघाला विचारात घेऊन डेकोरेशनचा खर्च वेगळा लागेल का, असं विचारलं आणि दोन्ही सिंहासनांसमोर फोटो काढून घेतले.

मग गजूभाऊंच्या पत्नी वनिताताई डबे घेऊन आल्या. उंच, सुती पातळातल्या, बोलायला थेट बाई. स्टेजकडे पाहून त्या थबकल्या.

"काहून बसले गा ते तिथं?" त्यांनी नवऱ्याला विचारलं.

गजूभाऊंनी वाघाचं अर्थशास्त्र समजावून सांगितलं. वनिताताईंनी ते पूर्ण ऐकून घेतलं आणि माझ्याकडे वळल्या. "ताई, साहेब काय म्हणतात?"

मी आईचं सांगितलं.

"एवढंच म्हणून राहिले?" त्या गजूभाऊंना म्हणाल्या. "त्या म्हातारीले तुम्ही वाघ दाखवता का मंग? तुमची माय तुमचा त्या फ्लेक्सवरचा फोटो पाहाले रिक्षा करून गेली होती."

गजूभाऊ विरघळले असं मी लिहिलं असतं, पण खरं कारण वेगळं होतं. संध्याकाळी लॉनवर साखरपुडा होता आणि स्टेज रिकामं करून हवं होतं. त्यांनी घड्याळ पाहिलं, फुलवाल्याचा टेम्पो फाटकात शिरताना पाहिला आणि म्हणाले, "प्रफुल्ल, घे बाबा एक सीन. म्हाताऱ्याचा. पण लवकर."

प्रफुल्लनं इतक्या चपळाईनं कॅमेरा लावला की सीन त्याच्या डोक्यात तयारच होता हे उघड होतं. म्हाताऱ्याला घर सापडतं, घरची बाई त्याला जेवायला वाढते आणि तो आईला फोन करतो. चेहरा नीट दिसावा म्हणून साहेबांची टोपी काढली आणि तिथेच उन्हात त्यांना बसवलं. घरची बाई म्हणून ऐनवेळी वनिताताईंनाच उभं केलं. त्यांनी आणलेल्याच डब्यातून ताट वाढलं: सांबारवडी (नागपुरात कोथिंबिरीला सांबार म्हणतात), भात, वरण. संवाद होता, "माय, मी पोचलो वं. आता जेवून राहिलो." तोनेगावा-साननी तो टोकियोहून पाठ करून आणला होता. फक्त त्यांच्या जिभेवर सगळे 'ल' 'र' व्हायचे. "माय, मी पोचरो वं."

पहिल्यांदा त्यांनी तो खांदे, मान, दोन्ही हात यांच्यासकट म्हटला. राक्षस रडतो तसा. प्रफुल्ल जवळ येऊन मला म्हणाला, "त्यांना सांगा, काही करू नका. तुम्ही दिसताय."

मी सांगितलं. त्यांनी फोन कानाला लावला आणि काही केलं नाही. फक्त ते वाक्य म्हटलं. टेम्पोतून फुलं उतरवणारे दोघे हातातल्या परड्या तशाच धरून उभे राहिले. वनिताताईंना कॅमेरा चालू आहे याचा विसर पडला. त्यांनी पुढे होऊन साहेबांच्या पानात आणखी भात वाढला, आणि प्रफुल्लनं तेच ठेवलं.

त्यानंतर ते उठले, हात धुतले आणि वाघ झाले. त्या उन्हात, त्या गुडघ्यांनी, त्यांनी लॉनभर असा वाघ फिरवला की साखरपुड्याचे दोन पाहुणे परत गाडीत जाऊन बसले.

निघायच्या दिवशी गजूभाऊ मला स्टेशनवर सोडायला आले. पिक्चर राज्यभर लागणार, असं त्यांनी सांगितलं. तो लागला काही महिन्यांनी, नागपुरातच, आणि फारसा टिकला नाही. प्रफुल्लनं मला सीनचा तुकडा पाठवला. मी चहा बाजूला ठेवून तो लावला. चेहरा तोनेगावा-सानचा होता. आवाज गजूभाऊंच्या मेहुण्याचा होता, खणखणीत, सगळे 'ल' जागच्या जागी. उच्चार लोकांना समजणार नाहीत म्हणून डबिंग केलं, असं प्रफुल्लनं खाली लिहिलं होतं, आणि पुढे 'सॉरी'.

मला फार वाईट वाटलं. दुभाष्याचं काम एकाचं दुसऱ्यापर्यंत पोचवणं. इथे नेमकं तेच मधल्यामध्ये गळालं होतं. हे त्यांना कसं कळवावं याचा विचार करत मी दिवसभर फोन हातात धरून बसले. संध्याकाळी त्यांचाच निरोप आला. तुकडा त्यांना आधीच मिळाला होता आणि तो घेऊन ते आईकडे जाऊनही आले होते.

आवाजाचं त्यांनी एका वाक्यात संपवलं होतं: आईला कित्येक वर्षं ऐकूच येत नाही. तिनं फोन डोळ्यांजवळ धरून सीन पाहिला, पुन्हा लावायला सांगितला, शेजारच्या खोलीतल्या बाईंना बोलावून दाखवला. नंतर मुलाकडे वळून म्हणाली, "एवढ्या उन्हात बिनटोपीचा कशाला बसलास?"

मी तो निरोप मराठीत करून वनिताताईंना पाठवला. त्यांचं उत्तर लगेच आलं.

"बराबर बोलली माय. मी तर तेव्हाच म्हणत होती."