मी गाळलेली मंदिराची पानं

जर्मनीत हायडेलबर्गला पीएचडी करताना मी तालमूद या ज्यूंच्या धर्मकायद्याच्या ग्रंथातली मंदिराची पानं गाळून तालमूदवरच अख्खं प्रकरण लिहिलं. कबूल करते. तेव्हा मी पन्नाशीची पोर होते आणि जगातली सगळी अक्कल मलाच मिळालेली होती.

विषय होता शब्बाथचा, म्हणजे ज्यूंच्या साप्ताहिक विश्रांतीच्या दिवसाचा कायदा. त्या दिवशी एकोणचाळीस कामं वर्ज्य: नांगरणं, पीठ मळणं, शिवणं, दोन अक्षरं लिहिणं, लिहिलेलं खोडणं. मधेमधे ज्यूंच्या प्राचीन मंदिराचे, तिथल्या पूजाविधीचे उतारे यायचे. ते मी सरळ सोडून दिले. आमच्या बौद्ध घरातून आजोबांनी देव्हाऱ्यासकट सगळे विधी बाहेर काढलेले. होमहवन म्हटलं की माझं डोकं फिरायचं. पुरोहितांची पोटं भरायची सोय, दुसरं काय! सेमिनारमध्ये मी ठणकावून वाचलं, "ही यादी मनाला येईल तशी रचलेली आहे." माझे प्राध्यापक "गेनाऊ, गेनाऊ", म्हणजे अगदी बरोबर, करत मान डोलवत होते.

मागच्या बाकावर ऐंशीच्या पुढच्या एक ज्यू बाई नुसत्या ऐकायला येऊन बसायच्या. त्यांनी ग्रंथ उघडून माझ्यापुढे सरकवला. त्यात होतं: मंदिराच्याही आधी ज्यूंच्या पूर्वजांनी वाळवंटात देवासाठी तंबू उभारला, त्याला जी कामं लागली तीच ही एकोणचाळीस. पडदे शिवायचे, फळ्यांवर खुणेची अक्षरं लिहायची, चुकली तर खोडायची. शब्बाथला ते बांधकामही थांबायचं. सगळा तर्क मी सोडलेल्या पानांत!

"मंदिर पडून दोन हजार वर्षं होत आली," मी भडकले. "मेलेले विधी कशाला उगाळायचे?"

"आल्झो... म्हणजे, मलाही जरा शंका होतीच," प्राध्यापक म्हणाले.

होती ना? मग मुंडी कशाला हलवत होतात, महाराज?

सोमवारी प्रकरण द्यायचं होतं. घरी जाऊन ती पानं वाचली आणि नुसती चडफडले. आमच्या माणसांनी काय वाचायचं हे पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यांनी ठरवलं. आणि मी, त्यांचीच नात, दुसऱ्यांच्या ग्रंथातलं काय टाकाऊ ते न बघताच ठरवून मोकळी! वर पुरोगामी थाट. आजही आठवलं की स्वतःच्याच कानाखाली वाजवावीशी वाटते.

प्रकरण मागे घेतलं. पुढच्या आठवड्यात बाईंना जिन्यात गाठून विचारलं, मला शिकवाल का? कोटाची बटणं लावता लावता त्यांनी मला न्याहाळलं.

"गुरुवारी दुपारी ये. भांडायला आलीस तरी चालेल, आमच्यात भांडूनच शिकतात. पण न वाचता आलीस, तर दारातूनच परत पाठवीन."