टिप्पर सोडण्याआधी

पोलिसातल्या नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, पण अंगावर अजून काटा येतो तो रेतीच्या एका टिप्परमुळे.

खबऱ्याचा फोन पहाटे आला. कन्हान नदीच्या घाटावरून चोरीची रेती भरून टिप्पर निघतोय. आम्ही लगेच निघालो आणि उजाडता उजाडता गाडी रस्त्यातच धरली. ड्रायव्हरजवळ रॉयल्टीची, म्हणजे रेतीचे सरकारी पैसे भरल्याची, पावती नव्हती. पंचनाम्यात ‘अंदाजे तीन ब्रास ओली रेती’ लिहिलं आणि भरलेला टिप्पर तसाच ठाण्याच्या आवारात आणून लावला. रेती उपसून कोण बघतो? नजरेनं मोजायची आमची जुनी खोड.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी जप्तीचा मुद्देमाल सांभाळणारा हवालदार आत आला.

“साहेब, थे गाडी कण्हून राहिली.”

“ऊन लागलं तुले,” मी म्हणालो. “खिशात कांदा ठेवत जा.”

पण तिसऱ्या दिवशी टिप्परच्या आरशाला कोणीतरी लिंबू-मिरची बांधलेली दिसली. आवारातली कुत्री बाकीच्या जप्त गाड्यांखाली सावलीला झोपत, याच्या खाली एकही जात नव्हतं. मी स्वतः गेलो. तापलेल्या पत्र्याला हात लावला, तर आतून बारीक थरथर आली आणि थांबली. उन्हानं पत्रा ताणला असेल, असं मी मोठ्यानं म्हणालो. पुन्हा हात लावायची मात्र हिंमत झाली नाही.

चौथ्या दिवशी टिप्परच्या मालकानं कोर्टात सुपुर्दनाम्याचा अर्ज केला. म्हणजे खटल्याचा निकाल लागेपर्यंत गाडी हमीवर त्याच्या ताब्यात द्यावी. कोर्टानं आमचं म्हणणं मागवलं. मला तर ती ब्याद नकोच होती. म्हटलं, सुंठीवाचून खोकला गेला. ‘हरकत नाही’ असा अहवाल टाईप करून घेतला आणि सहीसाठी पेन उघडलं, तेवढ्यात एक बाई आत आली. तिचा नवरा घाटावर रेती भरायला जायचा. चार दिवसांपासून घरी नव्हता.

“टिप्परचा मालक म्हणते, गावाले गेला असंन. मंग बेल जाते तं उचलत काहून नाही?”

तिनं माझ्यासमोरच नंबर लावला. त्याच क्षणी हवालदार खिडकीशी आला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता.

“साहेब, सुरू झाली पाहा.”

मी बाईला फोन कापायला लावला. आवारातली घरघर थांबली. पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा सुरू झाली.

पंच बोलावून रेती उपसली. टिप्परच्या मागच्या फाळक्याला आतून चिकटून एक शर्ट निघाला. त्याच्या खिशात बटणांचा साधा मोबाईल, आवाज बंद, नुसता थरथरत होता. लोखंडाला टेकलेला असल्यानं सगळा पत्रा घुमायचा. बाईनं शर्ट ओळखला. माणूस रेतीत नव्हता.

जामिनावर सुटलेल्या ड्रायव्हरला परत बोलावलं. शर्ट टेबलावर ठेवला आणि गप्प बसलो. कच्च्या गुन्हेगाराला दरडावण्यापेक्षा गप्प बसणं जास्त झोंबतं. दहा मिनिटांत तो रडायला लागला.

“खाली रेती खोदता खोदता घाटाची कड कोसळली साहेब. तो दबला. शर्ट काढून आधीच फाळक्याले टांगला होता त्यानं, गाडी भरताना शर्टावरच रेती पडली. आमी त्याले काढूनच राहिलो होतो. तेवढ्यात कोणीतरी बोंबललं, पोलीस येऊन राहिले. फावडे टाकून सारे पळाले, मी बी गाडी काढली.”

“तेव्हाच का नाही सांगितलं?”

“तुमी रॉयल्टी विचारली. अन् मालक म्हणे, तोंड उघडशीन तं तूच फसशीन.”

त्याच संध्याकाळी बाईच्या नवऱ्याचा मृतदेह कडेखालून बाहेर काढला. मी तो अहवाल फाडला आणि अर्जाला सक्त हरकत घेतली.

त्यानंतर निवृत्त होईपर्यंत रेतीची गाडी धरली की मी कागद नंतर मागायचो. आधी विचारायचो, घाटावर किती जण होते आणि मागे कोण राहिलं. एवढं शिकायला मला एका माणसाचा जीव लागला, याची लाज अजून वाटते.

शवविच्छेदन झाल्यावर ती बाई माझ्याजवळ आली. रडत नव्हती.

“साहेब, तुमी त्या दिवशी आलेच नसते, तं वाचला असता का तो?”

“नाही, नसता वाचला,” मी म्हणालो. तिनं मान हलवली आणि माझे आभार मानून गेली.