अप्पांची खोटी माती

कुणाच्या आधाराशिवाय सिनेमा लिहिणाऱ्या-करणाऱ्याचे नट म्हणजे नातेवाईक. पालमजवळच्या आमच्या गावात मी दुसरा सिनेमा केला तेव्हा मावशी सासू झाली, आत्या शेजारीण झाली आणि शेवटच्या प्रसंगातल्या मेलेल्या म्हाताऱ्याचं काम अप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, आपणहून मागून घेतलं. "बोलायचं न्हाई, हलायचं न्हाई. हे मला जमंल," म्हणाले. आई भडकली. "आवं, जरा शुभ बोला की!" पण अप्पा ऐकतात होय?

आम्हा लिंगायतांत मयताला आडवं ठेवत नाहीत. भिंतीला टेकवून बसवतात. कपाळभर विभूती, गळ्यात हार, तळहातावर लिंग आणि समोर भजन. त्या सकाळी अप्पांना तसं बसवलं तेव्हा मी आधी नजर फिरवली. पण दिग्दर्शक ही लय निर्लज्ज जात. दुसऱ्याच क्षणी मनात आलं, वा, फ्रेम काय जमलीय!

आत्याला राहवलं नाही. तिनं फोटो काढला आणि घरच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकला. कॅमेरा, लाइट त्यात काहीच दिसत नव्हतं, आणि बाईनं खाली एक अक्षर लिहिलं नाही. कुणीतरी 'भावपूर्ण श्रद्धांजली' लिहिलं, मग काय, विचारतो कोण? सगळ्यांनी धडाधड हात जोडले. इकडं शूटिंग सुरू झालं आणि आत्यासकट आम्ही सगळ्यांनी फोन बंद केले. फोन लागेनात म्हटल्यावर तर लोकांची खात्रीच पटली.

दुपारी दारात जीप थांबली आणि मोठे काका उतरले. अप्पांचे थोरले भाऊ, रेल्वेतून रिटायर होऊन पूर्णेलाच राहिलेले. बांधावरच्या एका बाभळीवरून दोघांची बोलचाल तुटली होती, ती इतकी की काका माझ्या लग्नालाही आले नाहीत. आत भजन चालू, बायका रडायलेल्या. काका कॅमेऱ्याच्या पुढून सरळ आत गेले, अप्पांच्या पुढ्यात बसले आणि हंबरडा फोडला, "आरं, माझ्या आधी जातो व्हय रं तू? मी मोठा हाय ना!"

मी 'थांबा' म्हणणार तेवढ्यात माझी नजर अप्पांवर गेली. अप्पा सांगितल्याप्रमाणे गच्च डोळे मिटून बसलेले, पण त्या मिटल्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या.

काका रडता रडता थबकले. भावाच्या गालाला हात लावून बघितला. मग माझ्याकडं बघितलं, कॅमेऱ्याकडं बघितलं.

"जित्ता हाय ह्यो?"

आत्या स्वयंपाकघरात पळाली. मला वाटलं, आता मुस्काटात बसणार. बसली असती तर बरं झालं असतं. काकांनी अप्पांच्या गळ्यातला हार काढून आपल्या गळ्यात घातला, "सरक," म्हणून त्यांना बाजूला केलं आणि त्यांच्या जागी भिंतीला टेकून बसले.

"मी तर आलो पळत," ते मला म्हणाले. "आता माझा फोटो टाक. बघू, ह्यो येतो का न्हाई." आणि त्यांनी डोळे मिटून घेतले.

भजन थांबलं. 'थोरल्यांच्या मातीला तरी जाल का न्हाई?' हाच प्रश्न आई अप्पांना अधूनमधून विचारायची, तेव्हा ते भरल्या ताटावरून उठायचे. मला भीती वाटत होती, हे आताही उठून जातील म्हणून.

अप्पा गुडघे धरून उठलेच. उंबऱ्याबाहेर गेले. तिथं क्षणभर थांबले आणि परगावाहून मातीला आलेला माणूस येतो तसे खालमानेनं परत आत आले. भावाच्या पुढ्यात बसले. त्यांच्या गळ्यातला हार काढला.

"आलो, अण्णा," म्हणाले. "आता खोटं खोटं बी मरू नका."