मामांची ब्रह्मपुत्रा

चेन्नईत बसून ब्रह्मपुत्रेचा संसार सांभाळणारा माणूस आमच्या घरमालकांखेरीज दुसरा कोणी असेल, यावर माझा विश्वास नाही. सगळे त्यांना मामा म्हणतात; तंजावरकडच्या मराठी घराण्यातले, शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेले. अड्यार नदी घरापासून दोन गल्ल्यांवर, पण तिच्याकडे त्यांनी कधी मान वळवून पाहिलं नाही. गच्चीवरची पाण्याची टाकी ही त्यांची हिमनदी. तिथून उतरणारा पाइप दुसऱ्या मजल्यावर त्सांगपो, माझ्या पहिल्या मजल्यावर सियांग, तळमजल्यावर त्यांच्या घरात ब्रह्मपुत्रा आणि अंगणातल्या नळाशी जमुना. तिबेटातून बांगलादेशापर्यंत जाताना नदी नावं बदलते, अगदी तशीच. मी सिरुसेरीच्या ऑफिसातून घामाघूम होऊन परतलो की जिन्यातच खबर मिळायची, "सियांग आटली रे! टँकर उद्या." एकदा गळका नळ दुरुस्त करायला प्लंबर आला, तर त्याला आधी ही नदी हिमालयाला वळसा घालून दक्षिणेला कशी उतरते, ते साग्रसंगीत तमिळमध्ये ऐकावं लागलं. बिचारा जमुनेखाली बादली लावून मुकाट बसला होता. मी विचारलं, "मामा, एका पाइपला इतकी नावं कशाला?" तर म्हणाले, "पोरगी सासरी गेली की नाव बदलतात ना? म्हणून पोरगी दुसरी होते की काय?"

त्या उत्तराचा अर्थ मला उशिरा कळला. मामांच्या एकुलत्या एक मुलीनं आसामी मुलाशी लग्न केलं आणि ती गुवाहाटीला गेली. मामा रागावून लग्नाला गेले नाहीत. तोवर त्यांना सगळ्या नद्या सारख्याच होत्या. पुढं कधीतरी राग ओसरला, पण बोलायचं काय ते सुचेना, म्हणून त्यांनी नदी धरली. रोज संध्याकाळी कॉफी झाली की स्पीकरवर फोन. "आज तण्णी कित्ती?" तण्णी म्हणजे पाणी. ती घाटाच्या किती पायऱ्या बुडाल्या ते सांगायची, हे "बरं" म्हणायचे आणि फोन ठेवायचे. तिची तब्येत, तिचं घर, काही नाही.

मग एक दिवस तिचा मला फोन आला. नवऱ्याची बदली जयपूरला झाली होती. "अप्पांना सांगू नका. नदी नसली तर ते फोन कशाला करतील?" त्यानंतर ती इंटरनेटवर पाहून पाण्याची पातळी सांगू लागली. मी कॉफी पीत खाली मान घालून ऐकायचो.

एका संध्याकाळी फोन ठेवून मामा म्हणाले, "तिथं नाही रे ती आता. पूर्वी फोनमागं फेरीबोटीचा भोंगा ऐकू यायचा."

"मग विचारता कशाला?"

"दुसरं काय विचारू? 'बरी आहेस का' हे लग्नाच्या मांडवात विचारायचं होतं. आता कुठल्या तोंडानं?"

मला फार वाईट वाटलं. इतका बडबड्या माणूस, प्लंबरपुढं तासभर बोलणारा, आणि पोरीपुढं दोन शब्दांत आटलेला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा फोन लागला. "आज तण्णी कित्ती?"

"पुष्कळ वाढलंय, अप्पा," जयपूरहून उत्तर आलं.

"बरं," मामा म्हणाले. पण फोन ठेवला नाही. तीही थांबली. त्यांचे ओठ हलले, आता विचारतात असं मला वाटलं. तेवढ्यात दारात हॉर्न वाजला.

"टँकर आला, ठेवतो," म्हणाले आणि हिमनदी भरायला गच्चीवर निघून गेले.